वादातील जप्त वाहनाचा तात्पुरता ताबा न्यायालयाकडून कसा मिळवावा

एकच टेम्पो, पण आरसी बुकावर नाव विकणाऱ्याचे, चावी घेणाऱ्याच्या खिशात आणि कर्ज फायनान्स कंपनीचे, अशा व्यवहारातून फसवणुकीचा गुन्हा नोंदला गेला की पोलीस वाहन जप्त करतात आणि दोन-तीन दावेदार एकाच वेळी न्यायालयात उभे राहतात. अशा वेळी बहुतेक अर्ज मालकीच्या युक्तिवादाने भरलेले असतात. वास्तविक दंडाधिकाऱ्यांना या टप्प्यावर मालक ठरवायचाच नसतो. खटला संपेपर्यंत वाहन कोणाकडे सुरक्षित राहील आणि मागितल्यावर कोण ते हजर करील, एवढेच त्यांना पाहायचे असते, त्यामुळे अर्जाचा भर ताब्यावर हवा.

1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 नुसार तपास, चौकशी किंवा खटला चालू असताना न्यायालयासमोर आलेल्या मालमत्तेच्या ताब्याचा आदेश होतो, तर पोलिसांनी जप्तीचा अहवाल दिला आहे पण माल न्यायालयासमोर आलेला नाही, अशा वेळी कलम 503 लागू पडते. वकील सहसा दोन्ही कलमांचा उल्लेख करतात. त्या तारखेआधीच प्रलंबित असलेल्या प्रकरणांत जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेची कलमे 451 आणि 457 लिहावीत. नव्या कलम 497 मध्ये माल हजर झाल्यापासून 14 दिवसांत त्याचे वर्णनपत्र तयार करणे, त्याची छायाचित्रे व गरजेनुसार चित्रीकरण करणे आणि त्यानंतर 30 दिवसांत त्याच्या विल्हेवाटीचा किंवा ताब्याचा आदेश देणे अपेक्षित आहे. अर्जात या मुदतींकडे न्यायालयाचे लक्ष अवश्य वेधावे.

अर्ज करण्यापूर्वी जप्ती पंचनाम्याची प्रत मिळवून ती आरसी बुकाशी अक्षरशः ताडून पाहावी. चासिस नंबरातला एक अंक पंचनाम्यात चुकला असेल, तर पुढे तपास अधिकारी आणि मुद्देमाल कारकून दोघेही तिथेच अडतात. शंका असल्यास चासिसवरील कोरीव नंबरावर कागद धरून पेन्सिलीने घासून त्याची छाप घेण्याची परवानगी मागावी. पंचनाम्यात स्टेपनी, बॅटरी, जॅक आणि किलोमीटरचा आकडा नोंदलेला आहे का तेही पाहावे, कारण ठाण्याच्या आवारातून वाहन परत घेताना काय नाहीसे झाले हे सांगायला दुसरा आधार नसतो.

अर्ज संबंधित पोलीस ठाण्याची हद्द असलेल्या न्यायदंडाधिकाऱ्यांकडे करावा. त्यात गुन्हा रजिस्टर नंबर, जप्तीची तारीख, वाहनाचे पूर्ण वर्णन, आपला वाहनाशी असलेला संबंध आणि वाहन पडून राहिल्याने होणारे नुकसान लिहावे. सोबत आरसी बुक, चालू विमा, ओळखपत्र, खरेदीचा करार, पैसे दिल्याचे बँक उतारे आणि शपथपत्र जोडावे. न्यायालय त्यावर तपास अधिकारी आणि सरकारी वकिलांचा ‘से’ (म्हणजे लेखी म्हणणे) मागवते. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या 2002 च्या निर्णयात सर्वोच्च न्यायालयाने जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काहीच अर्थ नाही असे स्पष्ट म्हटले असून, पंचनामा, छायाचित्रे, बंधपत्र आणि पुरेशी हमी घेऊन ती सोडण्याचा मार्ग सांगितला आहे. ‘मुद्देमाल पुराव्यासाठी लागेल’ एवढाच आक्षेप आल्यास याच निर्णयाचा आधार घ्यावा.

खरी कसोटी दुसरा दावेदार उभा राहिल्यावर लागते. मोटार वाहन कायद्याच्या कलम 2(30) नुसार सर्वसाधारणपणे ज्याच्या नावे नोंदणी आहे तोच मालक, त्यामुळे नोंदणीकृत मालकाचे पारडे सुरुवातीला जड असते. मालकी हस्तांतराच्या फॉर्म 29 आणि 30 वर सह्या घेऊन ते कपाटात ठेवलेल्या खरेदीदाराची स्थिती त्यामानाने कमकुवत. मात्र कर्जावर घेतलेल्या वाहनाच्या बाबतीत तीच व्याख्या करारानुसार ताबा असलेल्या व्यक्तीला मालक धरते, हे कर्जदाराने विसरू नये. खरेदीदाराने पूर्ण किंमत बँकेतून दिल्याचे आणि जप्तीच्या वेळी वाहन आपल्याच ताब्यात असल्याचे दाखवावे. फायनान्स कंपनीने बोजाची नोंद आणि थकीत हप्त्यांचा हिशेब मांडावा. चोरीच्या दाव्याची रक्कम दिलेली विमा कंपनीही ताबा मागू शकते. विरोधकाला अर्जाची प्रत आधीच द्यावी. त्याला अंधारात ठेवून मिळवलेला आदेश फार टिकत नाही.

आदेश मिळाला तरी काम तिथे संपत नाही. बंधपत्राची रक्कम न्यायालय वाहनाच्या किमतीचा अंदाज घेऊन ठरवते, म्हणून विमा पॉलिसीतील घोषित किंमत हाताशी असावी. जामीनदार लागल्यास त्याचा सातबारा उतारा किंवा ऐपतीचा दाखला तयार ठेवावा. वाहन विकू नये, त्यावर नवा बोजा चढवू नये, रंग वा रचना बदलू नये आणि न्यायालय सांगेल तेव्हा ते हजर करावे, अशा अटी सामान्यतः असतात. त्यानंतर न्यायालयाचे पत्र घेऊन ठाण्यात जावे, पंचनाम्याशी एकेक वस्तू मोजून घ्यावी आणि मगच ताबा पावतीवर सही करावी. विमा संपलेला असेल तर वाहन रस्त्यावर न चालवता टोचन करून न्यावे.

जप्ती कोणी केली हेही आधीच पाहावे. अवैध वाळूसाठी तहसीलदारांनी जमीन महसूल संहितेच्या कलम 48 खाली पकडलेले वाहन दंड आणि बंधपत्र देऊन महसूल खात्याकडूनच सोडवावे लागते, आणि वनगुन्ह्यात वनाधिकाऱ्यांच्या जप्ती कारवाईचा स्वतंत्र मार्ग आहे. फौजदारी न्यायालयात ताब्याचा अर्ज फेटाळला गेल्यास वरच्या न्यायालयात दाद मागण्याबाबत वकिलाचा सल्ला घ्यावा. मालकीचा निकाल मात्र दिवाणी न्यायालयातूनच लागतो, त्यामुळे तो दावा मुदतीत दाखल करून त्याची प्रत फौजदारी प्रकरणातही जोडावी.