फ्लॉरेन्समध्ये दोन तासांची प्रायव्हेट वॉकिंग टूर घेताय? या चुका टाळा, आम्ही जवळजवळ सगळ्या केल्यात

पहिली चूक आधी सांगते, कारण तिच्यात आमची वीस मिनिटं गेली आणि टूरच होती दोन तासांची. व्हाउचरवर मीटिंग पॉइंट म्हणून एका कॅफेचा पत्ता होता, रस्त्याचं नाव आणि पुढे '२७ आर'. मला वाटलं आर म्हणजे काहीतरी राइट साइड वगैरे असेल, मॅपमध्ये नुसतं २७ टाकलं आणि आम्ही सगळे जाऊन उभे एका बंद लाकडी दारासमोर. बाबा विचारतायत बेल दाबू का. कुणाचं तरी राहतं घर होतं ते! तर प्रकार असा आहे की फ्लॉरेन्समध्ये एकाच रस्त्यावर नंबरांच्या दोन वेगळ्या रांगा चालतात, राहत्या घरांना निळे किंवा काळे नंबर आणि दुकानं-हॉटेलांना लाल, आणि या दोघांचा एकमेकांशी काडीचा संबंध नाही. आर म्हणजे रोस्सो, म्हणजे लाल. निळा २७ इकडे आणि लाल २७ पार पुढच्या चौकाजवळ, असं बिनधास्त असतं.

म्हणून पत्त्यावर भेटूच नका. गाइडला आदल्या दिवशी व्हॉट्सॅप करा आणि नेमकी वस्तू विचारा, कुठला पुतळा, कुठला दरवाजा. "दुओमोसमोर", म्हणजे मोठ्या घुमटाच्या मुख्य चर्चसमोर, हे उत्तर घेऊ नका, सकाळी दहाला दुओमोसमोर आषाढीची गर्दी असते, त्यात प्रत्येक गाइडच्या हातात छत्री नाहीतर झेंडा, कोण आपलं ते कळायला मार्ग नाही. दुओमोसमोरच्या बॅप्टिस्टरीला, म्हणजे बाप्तिस्म्याच्या इमारतीला, तीन दरवाजे आहेत, त्यातला कुठला तेही विचारा.

वेळेचा घोळ वेगळाच. भारतात बसून बुकिंग केलं की फोनचं कॅलेंडर कधीकधी ती वेळ भारतीय वेळ धरून सेव्ह करतं आणि तिकडे उतरल्यावर आपोआप मागे सरकवतं. त्यात मार्चच्या आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी तिकडची घड्याळं तासाने बदलतात, म्हणजे फरक कधी साडेचार तास, कधी साडेतीन. सरळ कागदावर लिहून ठेवा. आणि रोमहून किंवा मिलानहून ट्रेनने त्याच दिवशी येणार असाल तर तिकीट फिरेन्झे (म्हणजे फ्लॉरेन्सच) सांता मारिया नोवेल्लाचंच आहे ना बघा, कारण कांपो दी मार्ते आणि रिफ्रेदी ही पण फ्लॉरेन्सचीच स्टेशनं आहेत पण गावाच्या मध्यापासून लांब. दादरचं तिकीट समजून कुर्ल्याला उतरल्यासारखं होतं. ट्रेन आणि टूर यात किमान तासभर ठेवा, बॅगा स्टेशनवरच लगेज डिपॉझिटला टाका, दगडी रस्त्यावर ट्रॉलीबॅग ओढत इतिहास ऐकण्यात काय मजा आहे सांगा.

भाड्याची गाडी घेऊन जुन्या शहरात शिरायचा विचारही करू नका, झेडटीएल म्हणून बंदीचा पट्टा आहे, कॅमेरे आहेत, दंडाचं पत्र काही महिन्यांनी घरी येतं.

आता सगळ्यात मोठी चूक. यादी.

बाबांनी एका वहीत यादी केली होती. दुओमो, घुमटावर चढणे, उफित्झी म्युझियम, मायकेलअँजेलोचा डेव्हिडचा पुतळा, पॉन्ते वेक्क्यो हा जुना पूल, मायकेलअँजेलो चौकातून सूर्यास्त, चामड्याचा बाजार, आणि वेळ उरला तर पिसा! दोन तासात. वेळ सकाळी दहाची, त्यात सूर्यास्त. मी काही बोलले नाही कारण मलाही वाटत होतं की प्रायव्हेट गाइड आहे, पैसे मोजलेत, जास्तीत जास्त वसूल करू. गाइडने, साधारण पन्नाशीची बाई, ती वही शांतपणे बघितली आणि म्हणाली की घुमटाला ४६३ पायऱ्या आहेत, लिफ्ट नाही, वेळेचा स्लॉट आधी बुक करावा लागतो, तुम्ही केलाय का? नव्हता केला. उफित्झी आणि डेव्हिड जिथे आहे ते अकादेमिया म्युझियम सोमवारी बंद असतात, आज वार कुठला? सोमवार. झालं, अर्धी यादी तिथेच निकालात.

मग ती आम्हाला दुओमोच्या मागच्या बाजूला घेऊन गेली जिथे फारसं कुणी थांबत नाही आणि खाली फरशीकडे बोट दाखवलं. करड्या दगडांमध्ये एक पांढरी संगमरवरी गोल चकती बसवलेली. लोक त्यावरून चालत होते, एकजण तर त्यावर उभा राहून घुमटाचा फोटो काढत होता. घुमटाच्या टोकावरचा सोनेरी गोळा १६०० च्या सुमारास वीज पडून खाली आला, तो इथे पडला ही ती खूण. तो मूळ गोळा वेरोक्क्यो या शिल्पकाराच्या कारखान्यात झाला होता, १४७१ मध्ये वर चढवला, आणि तेव्हा त्या कारखान्यात शिकाऊ म्हणून लिओनार्दो दा विंची काम करत होता. आई त्या चकतीच्या बाजूला सरकून उभी राहिली, जणू देवाच्या पायरीवर पाय पडला.

मग वर बघायला लावलं. घुमटाच्या खालच्या आठ बाजूंपैकी फक्त एकीलाच संगमरवरी सज्जा आहे, बाकी सात बाजू ओबडधोबड विटा-दगड तसेच. कारण म्हणे सज्जा बसवायला घेतला आणि मायकेलअँजेलो म्हणाला हा तर रातकिड्यांचा पिंजरा दिसतोय, आणि काम जे थांबलं ते थांबलंच. खरंखोटं मायकेलअँजेलोला माहीत, पण सात उघड्या बाजू आणि एक सजवलेली हे डोळ्यांनी दिसतं आणि आम्ही आदल्या संध्याकाळी तासभर त्याच घुमटाचे फोटो काढले होते तरी एकालाही दिसलं नव्हतं. ब्रुनेलेस्की या वास्तुकाराने १४२० ते १४३६ मध्ये तो खालून लाकडी आधाराचा सांगाडा उभा न करता बांधला, चाळीस लाखांवर विटा, आणि दोन घुमट एकात एक, पायऱ्या त्या दोघांच्या मधून जातात. हे ऐकल्यावर बाबांनी वही खिशात टाकली ती टाकलीच.

तर मुद्दा हा की दुओमो ते पॉन्ते वेक्क्यो हे सगळं मिळून किलोमीटरभरही अंतर नाही, ते तुम्ही गाइडशिवाय पंधरा मिनिटांत चालून जाल. गाइडचे पैसे त्या किलोमीटरमध्ये थांबायचे आहेत. यादी देण्यापेक्षा काय आवडतं ते सांगा, की बाबा इंजिनीअर होते, आईला देवळं आवडतात, पोराला मारामाऱ्या. आमच्या पोरासाठी तिने लगेच सिन्योरिया चौकातली जमिनीतली गोल फरशी दाखवली, सावोनारोला नावाच्या साधूला २३ मे १४९८ ला जिथे फाशी देऊन जाळलं ती जागा. ज्याने लोकांच्या चैनीच्या वस्तूंची होळी करवली त्यालाच पुढच्या वर्षी त्याच चौकात जाळलं. पोरगं खूश.

प्रायव्हेट या शब्दाचाही गैरसमज होतो. प्रायव्हेट म्हणजे गाइड तुमची एकट्याची, रांग टळते असं नाही. म्युझियमची तिकिटं बहुतेक वेळा टूरच्या पैशात धरलेली नसतात, काय धरलंय ते बुकिंगच्या वेळी वाचा, आणि किंमत माणशी आहे की पूर्ण ग्रुपची तेही. मी ज्या साइटवरून केलं तिथे मोठ्या अक्षरात स्किप द लाइन होतं आणि बारीक अक्षरात फक्त बाहेरून दर्शन! गाइडकडे सरकारी परवाना असतो, गळ्यात कार्ड असतं, ते बघायला लाजू नका. महिन्याच्या पहिल्या रविवारी सरकारी म्युझियम फुकट असतात म्हणून मुद्दाम ती तारीख धरणारे आपले लोक खूप आहेत, पण फुकटात जी गर्दी असते ती तुम्हाला माहितीये.

चर्चच्या आत जायचं असेल तर खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत, पुरुषांचेही. जुलैत माझ्या नवऱ्याला हाफ पँटवरून दुओमोच्या दारातून परत पाठवलं, शेवटी माझी ओढणी लुंगीसारखी गुंडाळली, फोटो आहे पण टाकू देत नाहीये.

उन्हाळ्यात टूर सकाळी आठ-साडेआठची घ्या. त्या गल्ल्यांमध्ये दुपारी सावली असते पण हवा नसते, आणि दगड तापतो. चप्पल नको, बूट घाला. पाण्याच्या बाटल्या विकत घेत बसू नका, सिन्योरिया चौकात नेपच्यूनच्या कारंजाजवळ फुकट पाण्याचा नळ आहे, साधं पण येतं आणि सोडावालं पण, आई सोडावालं पाणी पिऊन म्हणाली खराब झालंय. बाथरूमसाठी बारमध्ये जाऊन काउंटरवर उभ्याउभ्या एक एस्प्रेसो घ्या, बसलात की तोच कप महाग होतो. ज्येष्ठ मंडळी असतील तर टूरच्या मध्ये एक कॉफी ठेवायला गाइडला आधीच सांगा, आमच्या बाबांचा गुडघा दीड तासाला बोलायला लागतो.

अजून एक, "खरा डेव्हिड बघितला" असं घरी येऊन सांगू नका जर तो चौकात बघितला असेल. खरा १८७३ मध्ये अकादेमियात हलवला, चौकातली कॉपी १९१० ची. बॅप्टिस्टरीचे सोनेरी दरवाजे पण कॉपी, मूळ दुओमोच्या मागच्या म्युझियममध्ये. नाक घासून चकाकणारं ते रानडुक्कर, पोर्चेल्लिनो, ते पण कॉपी. उलट सिन्योरिया चौकातल्या उघड्या लोज्जामध्ये, म्हणजे कमानींच्या मंडपात, मेडूसाचं मुंडकं धरून उभा असलेला चेल्लिनी या शिल्पकाराचा पर्सियसचा पुतळा मात्र अस्सल, आणि नेमकं त्याच्याकडे पाठ करून लोक सेल्फी काढतात. प्रत्येक ठिकाणी गाइडला एवढंच विचारा, हे खरं का?

रस्त्यात चित्रं पसरून ठेवतात, चुकून पाय पडला की पैसे मागतात, गर्दीत वर बघत चालणाऱ्यांचाच बकरा होतो. नकली ब्रँडेड पर्स घेतली तर विकणाऱ्याबरोबर घेणाऱ्यालाही दंड आहे. आणि शाकाहारी असाल तर गाइडने कौतुकाने दाखवलेल्या लांप्रेदोत्तोच्या गाडीवर काय आहे ते आधी विचारा, ते गाईचं चौथं पोट आहे. पाप्पा अल पोमोदोरो मागा, शिळा पाव आणि टोमॅटो, चवीला आपल्या कुसकऱ्याची लांबची बहीण.

आता कोल्हापूरकरांसाठी खास, कारण मी तिथलीच. कोल्हापूरच्या छत्रपती राजाराम महाराजांचं (दुसऱ्या) स्मारक दोन तासांच्या वॉकिंग टूरमध्ये बसत नाही, हट्ट करू नका. इंग्लंडहून परत येताना ३० नोव्हेंबर १८७० ला ते फ्लॉरेन्समध्ये वारले, विशीतलं वय, आणि तेव्हा तिथे दहनाची पद्धतच नव्हती, धावपळ करून परवानगी काढून आर्नो आणि मुन्योने या नद्यांच्या संगमावर अंत्यसंस्कार झाले. संगमच शोधला बघा. १८७४ मध्ये तिथे छत्री उभी राहिली, आराखडा मेजर मँटचा, म्हणजे ज्याने आपल्या न्यू पॅलेसचा आराखडा केला तोच. छत्रीखाली महाराजांचा रंगीत अर्धपुतळा आहे आणि बाजूच्या पुलाचं नावच पॉन्ते आल्लिंदियानो. पण हे सगळं कशिने बागेच्या पार पश्चिम टोकाला, दुओमोपासून पाच किलोमीटरच्या वर. आमच्या गाइडला विचारलं तर म्हणाली तीस वर्षांत हे मागणारे तुम्ही दुसरे, पहिले पण कोल्हापूरचेच होते.

आम्ही दुसऱ्या दिवशी टॅक्सीने गेलो. बाबा पुतळ्यासमोर पायातले बूट काढून उभे राहिले, कुत्रा फिरवणारी एक बाई थांबून बघत होती. जाताना टॅक्सी सोडू नका किंवा परतीचा फोन नंबर घेऊन ठेवा, तिथे हात दाखवून टॅक्सी मिळत नाही, आम्ही ट्रामपर्यंत बागेतून जवळजवळ तास चालत आलो.