निविदेचा वाद हातात आला की आधी तारीख बघा

निविदेच्या वादाची पहिली फाइल आली की नवा वकील लगेच संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिटचा, म्हणजे उच्च न्यायालयातल्या याचिकेचा, मसुदा लिहायला घेतो. त्याआधी पक्षकाराला एवढंच विचारा: कार्यारंभ आदेश (काम सुरू करण्याचा आदेश) निघालाय का, आणि कधी?

निघाला नसेल तर उच्च न्यायालयात रिट, तीही तातडीने. तिथे न्यायालय अपिलासारखं बसत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 'टाटा सेल्युलर' (१९९४) निकालापासून तपासली जाते ती निर्णयाची प्रक्रिया. 'जगदीश मंडल' (२००७) मध्ये कसोटीचे प्रश्न दोन: मनमानी किंवा दुर्हेतू होता का, आणि जनहिताला बाधा येते का. म्हणून 'आमचा दर कमी होता' एवढ्यावर भागत नाही. अमुक अटीत मागितलेलं अनुभव प्रमाणपत्र समोरच्याने जोडलेलंच नाही, तरी तो पात्र ठरला, असं पान क्रमांकासह दाखवावं लागतं. अटीचे दोन अर्थ निघत असतील तर सहसा निविदा काढणाऱ्याचा अर्थ टिकतो. नागपूर मेट्रोच्या 'अ‍ॅफकॉन्स' (२०१६) निकालात तेच झालं.

मुंबई विमानतळावरच्या उपाहारगृहाच्या निविदेचा 'रमणा शेट्टी' (१९७९) निकाल सगळे उद्धृत करतात: स्वतः घातलेली पात्रतेची अट प्राधिकरणाला मोडता येत नाही. पण निकालाचा शेवट फार कमी जण वाचतात. मुद्दा मान्य झाला, दिलासा मात्र मिळाला नाही. याचिकेला पाच महिन्यांहून जास्त उशीर झाला होता आणि ठेकेदाराने तोवर पैसे घातले होते.

तेव्हा निविदेच्या पोर्टलवर अपात्रतेचा शेरा दिसला की तारीख-वेळेसह त्याच दिवशी छापून ठेवा आणि आर्थिक (दरांचा) लिफाफा उघडण्याआधी लेखी हरकत पाठवा. माहिती अधिकाराचा अर्ज जरूर करा, पण त्याच्या ३० दिवसांसाठी याचिका अडवून ठेवू नका. अटच जाचक असेल तर निविदा भरण्याआधी आव्हान द्या. भाग घेऊन हरल्यावर कोणी ऐकत नाही. यशस्वी निविदाकाराला प्रतिवादी करायला विसरू नका. रस्ते, पूल अशा पायाभूत कामांत स्थगितीची आशा कमीच धरा: २०१८ च्या दुरुस्तीने विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यात कलम ४१(एचए) आलं आहे, त्यानुसार पायाभूत प्रकल्प अडेल असा मनाई हुकूम देता येत नाही.

करार झाल्यावरची भांडणं, म्हणजे थकलेली बिलं, विलंबाचा दंड, करार रद्द होणं, यांचा रस्ता वेगळा. आधी वादनिवारणाचं कलम शब्दशः वाचा. 'वरिष्ठ अभियंत्याचा निर्णय अंतिम राहील' एवढंच असेल तर तो बहुधा लवाद करार (वाद न्यायालयाऐवजी लवादाकडे नेण्याचा करार) नसतो. लवादाचं कलम असेल तर लवाद कायद्याच्या कलम २१ ची, लवाद सुरू करण्याची, नोटीस द्या. सरकारी पक्ष एकतर्फी लवाद नेमत असेल तर अशी नेमणूक अवैध ठरवणारा सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाचा नोव्हेंबर २०२४ चा निकाल हाताशी ठेवा. लवादाच्या निवाड्याला आव्हान ३ महिन्यांत, फार तर आणखी ३० दिवसांत. त्यापुढे एक दिवसही नाही. लवादाचं कलम नसेल तर ३ लाखांपासून पुढचा व्यापारी वाद व्यापारी न्यायालयात जातो. तातडीचा अंतरिम दिलासा मागायचा नसेल तर आधी मध्यस्थी सक्तीची आहे. प्रतिवादी सरकार असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीसही लागते. स्मरणपत्रं पाठवत राहिल्याने दावा लावायची तीन वर्षांची मुदत वाढत नाही.

ठेकेदाराने दिलेली बिनशर्त बँक हमी सरकारी पक्षाने वटवणं थांबवायला ढळढळीत फसवणूक किंवा भरून न येणारं नुकसान दाखवावं लागतं. कामात कसूर नव्हती, एवढ्याने हमी थांबत नाही.

बिलांच्या वादात खरा पुरावा असतो मोजमाप पुस्तिकेत, म्हणजे झालेल्या कामाची मापं जिथे नोंदवतात त्या वहीत. मोजमाप कमी धरलं असेल तर ठेकेदाराने सहीजवळच 'मोजमाप मान्य नाही, हरकतीसह' असं लिहावं आणि त्याच आठवड्यात पत्र देऊन पोच घ्यावी. अंतिम बिलावर 'काहीही येणे नाही' अशी हरकत न नोंदवता सही दिली की पुढचा दावा लंगडा होतो.

काळ्या यादीचं (ठेकेदाराला पुढच्या निविदांतून बाद करण्याचं) प्रकरण आलं तर कारणे दाखवा नोटीस काढून बघा. काळ्या यादीत टाकण्याचा इरादा त्यात स्पष्ट नसेल, तर 'गोरखा सिक्युरिटी' (२०१४) प्रमाणे आदेश टिकत नाही, आणि इथे करार झालेला असला तरी रिट चालते.