केळकर संग्रहालय कसं पाहावं

पुण्याच्या शुक्रवार पेठेतल्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात सगळं पाहायचा हट्ट धरू नका. दिनकर केळकरांनी जमवलेल्या वस्तू २०,००० च्या आसपास आहेत. लहानपणीच गेलेल्या मुलाचं, राजाचं, नाव देऊन १९७५ साली त्यांनी हा ठेवा राज्य सरकारकडे सोपवला.

आधी एकच वस्तू निवडा. मी अडकित्त्यांपासून सुरुवात करते. पात्यापेक्षा घडण निरखा. सुपारी कातरायच्या साधनावर कारागिरानं किती जीव ओतलाय! मग वज्री: टाचा घासायची, तरी तिच्यावर पशुपक्षी कोरलेले. हे हातात कसं धरत असतील, हे स्वतःशी करून बघा.

मस्तानी महालासाठी वेळ राखा. तो कोथरूडहून आणून इथे पुन्हा उभारलाय. जमलं तर आजीला सोबत न्या आणि दिव्यांपाशी तिला बोलू द्या.