कँडेस हिलिगॉसला बघायचं तर असं बघा

या अमेरिकन अभिनेत्रीचे आवर्जून बघावेत असे सिनेमे इनमीन दोन. दोन्ही भयपट, दोन्ही कृष्णधवल. सुरुवात १९६२च्या 'कार्निव्हल ऑफ सोल्स'पासूनच करा.

आधी प्रिंट नीट निवडा. पडद्यावर कॉपीराइटची ओळ टाकायची राहून गेली आणि सिनेमा कुणीही वापरावा असा मोकळा झाला. त्यामुळे नेटवर त्याच्या धुरकट कॉप्यांचा सुळसुळाट आहे. त्यांत तिचे डोळेच दिसत नाहीत, मग उरतं काय? ७८ मिनिटांची, साफ केलेली प्रिंट शोधा. हेडफोन लावा.

पहिल्यांदा नुसती गोष्ट बघा. गाडी पुलावरून नदीत पडते, बऱ्याच वेळाने मेरी हेन्री, म्हणजे हिलिगॉस, चिखलाने माखलेली एकटीच बाहेर येते आणि युटामधल्या चर्चमध्ये ऑर्गन वाजवायच्या नोकरीवर निघते. वाटेत गाडीच्या काचेत पांढराफटक चेहरा दिसतो, तो खुद्द दिग्दर्शक हर्क हार्वीचा. कॅन्ससमधल्या लॉरेन्स गावात तो शैक्षणिक आणि औद्योगिक माहितीपट करायचा. हा सिनेमा त्याने साधारण ३३,००० डॉलरमध्ये उरकला. बरेचसे नट स्थानिक, हिलिगॉस मात्र न्यूयॉर्कहून आणलेली. हे वेगळेपण भूमिकेच्या पथ्यावर पडलंय. मेरी कुणातच मिसळत नाही, आणि ते खरं वाटतं.

दुसऱ्यांदा फक्त तिला बघा. कपड्यांच्या दुकानात अचानक सगळे आवाज बंद होतात आणि ती कुणाला दिसेनाशी होते. तिथे तिची घाबरण्याची चढण कशी आहे ते बघा: आधी नुसता वैताग, मग शंका, मग पळापळ. बागेत झाडापाशी पाखराचा आवाज परत येतो, तेव्हा तिचा चेहरा सैल पडतो. तो क्षण चुकवू नका.

चर्चमधला ऑर्गनचा प्रसंग मात्र पुन्हा पुन्हा बघावा. मी नाट्यसंगीताच्या साथीला ऑर्गन वाजवते, म्हणून माझं लक्ष आधी हातांकडे जातं. सूर भक्तीचे असतात, हळूहळू ते जत्रेतल्या संगीताकडे घसरतात. बोटं स्वरपट्ट्यांवर सरपटायला लागतात, पाय पेडलवर फिरतात, आणि चेहरा कुठेतरी लांब गेलेला. वाजवणाऱ्याचे हात आणि चेहरा एरवी एकाच सुरात असतात. तिने ते एकमेकांपासून तोडलेत. मग पाद्र्याचे हात येऊन तिचे हात दाबून धरतात. संवाद जवळजवळ नसताना एवढं उभं करणं फार थोड्यांना जमतं, असं माझं ठाम मत आहे.

त्यानंतर १९६४चा 'द कर्स ऑफ द लिव्हिंग कॉर्प्स'. 'जॉज'मुळे पुढे गाजलेला रॉय शायडर यातूनच पडद्यावर आला. हिलिगॉसच्या वाट्याला यात साधी नायिका आलीय, एकदा बघितला की पुरे. फक्त क्रम उलटा करू नका. हा आधी बघितलात तर तिच्यात विशेष काही नाही असं वाटेल, आणि मेरी हेन्रीपर्यंत तुम्ही पोचणारच नाही.