डोरांडो पिएत्रीची गोष्ट सांगताना या चुका टाळा

धावणाऱ्यांच्या गप्पांत १९०८च्या लंडन ऑलिम्पिकमधल्या मॅरेथॉनचा विषय निघाला की सांगणारा थेट स्टेडियमच्या दारातूनच सुरुवात करतो: इटलीचा एक बुटका धावपटू आत आला, पडला, उठला, पुन्हा पडला. हे खरं आहे. पण अख्खा माणूस त्या शेवटच्या साडेतीनशे मीटरांत कोंबू नका.

आधी नाव. डोरांडो हे नाव, पिएत्री हे आडनाव. लंडनकरांनी उलट समजून घेतलं आणि ती चूक अजून चालत आली आहे.

दुसरी चूक मला जास्त खटकते. ‘कुठलासा नवखा पोरगा, नशिबाने पुढे आला’ असं सांगतात. इटलीतल्या कार्पी गावात केक-पेस्ट्रीच्या दुकानात राबणारा हा तरुण १९०६ मध्ये अथेन्सच्या मॅरेथॉनमध्ये आघाडीवर होता. पोटाच्या त्रासाने त्याला शर्यत सोडावी लागली. त्याआधी १९०५ मध्ये पॅरिसला त्याने ३० किलोमीटरची शर्यत जिंकली. लंडनआधी काही दिवस कार्पीतच ४० किलोमीटर २ तास ३८ मिनिटांत धावला होता.

मग २४ जुलैला बिघडलं कुठे? दिवस उकाड्याचा होता. डोरांडोने सुरुवात जपून केली, ३२व्या किलोमीटरला तो दक्षिण आफ्रिकेच्या चार्ल्स हेफेरॉनच्या ४ मिनिटं मागे होता. हेफेरॉन थकत चालल्याचं कळताच त्याने वेग वाढवला आणि ३९व्या किलोमीटरला त्याला गाठलं. ती मुसंडी त्याला फार महागात पडली. स्टेडियममध्ये शिरला तो चुकीच्या दिशेने वळला. शेवटच्या टप्प्यालाच सुमारे १० मिनिटं लागली. एकूण वेळ २:५४:४६. आपण लांब पल्ल्याचे लोक हे ओळखतो: अंगात उरलेलं पाणी आणि जोर कधी संपला, हे पाय गळाल्यावरच कळतं.

निकालाच्या यादीत त्याचं नाव सापडत नाही म्हणून गोंधळू नका. पंचांनी हात देऊन उठवल्यामुळे अमेरिकेने तक्रार केली, तो बाद ठरला आणि सुवर्णपदक त्याच्यामागून आलेल्या अमेरिकेच्या जॉनी हेजला गेलं. दुसऱ्या दिवशी ब्रिटनच्या राणी अलेक्झांड्राने डोरांडोला चांदीचा, सोन्याचा मुलामा दिलेला चषक दिला. तो चषक म्हणजे ऑलिम्पिक पदक नव्हे.

शेवटची रेषा ओलांडतानाच्या त्याच्या प्रसिद्ध फोटोत शेजारी शेरलॉक होम्सचे लेखक आर्थर कॉनन डॉइल आहेत, हेही सांगू नका. ते शर्यतीचे डॉक्टर, मायकल बल्जर. डॉइल प्रेक्षकांत बसून बातमी लिहीत होते. पुढे त्यांच्या आवाहनावर डोरांडोसाठी निधी जमला.

आणि कृपया ‘बिचारा हरला’ म्हणून थांबू नका. त्याच नोव्हेंबरात न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये त्याने हेजला हरवलं, मार्च १९०९ मध्ये पुन्हा हरवलं. अमेरिकेतल्या त्या दौऱ्यात २२ शर्यतींपैकी १७ त्याने जिंकल्या. शेवटची मॅरेथॉन तो मे १९१०मध्ये ब्यूनस आयर्सला धावला, २:३८:४८ मध्ये. लंडनपेक्षा १६ मिनिटं लवकर, आणि या वेळी हात द्यायला कुणी लागलं नाही.