युद्धाच्या आधीची पाने: भारतीय सेनेचा इतिहास कसा अभ्यासावा आणि कसा लिहावा

सेनेचा इतिहास लिहायला बसणाऱ्या बहुतेकांची वही लढायांच्या यादीने सुरू होते आणि पुष्कळदा त्या यादीपाशीच संपते. १९४७-४८, १९६२, १९६५, १९७१ आणि १९९९ ही वर्षे मांडली, प्रत्येकाखाली चार चकमकी आणि दोन पदके लिहिली की काम झाले असे वाटते. परंतु या पाचही युद्धांचे दिवस एकत्र मोजले तर ते दोन वर्षेही भरत नाहीत. उरलेल्या सात दशकांहून अधिक काळात सेना काय करत होती, कोणाला भरती करत होती, कशाचा सराव करत होती आणि तिच्या कोठारांत काय होते, याची उत्तरे हाती नसतील तर रणांगणावर जे घडले त्याचे केवळ वर्णन करता येते, कारण सांगता येत नाही. म्हणून या विषयाकडे वळणाऱ्याने आधी शांततेच्या वर्षांची पाने भरावीत आणि मगच युद्धाकडे यावे, असे माझे स्पष्ट मत आहे.

संपूर्ण सेनेचा इतिहास एकट्याच्या आवाक्यात येत नाही. एखादी बटालियन (म्हणजे पलटण), एखादी डिव्हिजन (अनेक बटालियन मिळून होणारी मोठी तुकडी) किंवा एखाद्या तालुक्यातून सैन्यात गेलेली माणसे एवढाच विषय निवडावा आणि त्याला वर्षांची हद्द घालावी.

विषय ठरला की पहिले काम वंशावळीचे. १८९५ पर्यंत बंगाल, मद्रास आणि मुंबई या इलाख्यांची तीन वेगळी सैन्ये होती. त्या वर्षी ती एकत्र आली, १९०३ मध्ये सरसेनापती किचनर यांच्या फेररचनेत पलटणींना नवे क्रमांक मिळाले, १९२२ मध्ये त्या मोठ्या रेजिमेंटांत गोवल्या गेल्या आणि १९४७ मध्ये सेनेचीच दोन देशांत वाटणी झाली. त्यामुळे एकच पलटण कागदोपत्री चार-पाच नावांनी भेटते. १७६८ मध्ये मुंबईत उभी राहिलेली पलटण १९०३ मध्ये १०३ मराठा लाइट इन्फंट्री झाली, १९२२ मध्ये पाचव्या मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली बटालियन झाली आणि आज ती ‘जंगी पलटण’ म्हणून ओळखली जाणारी मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली बटालियन आहे. काही वेळा धागा भलतीकडेच जातो. १० जुलै १९४४ रोजी इटलीत धारातीर्थी पडून व्हिक्टोरिया क्रॉसचे मानकरी ठरलेले नाईक यशवंत घाडगे याच रेजिमेंटच्या तिसऱ्या बटालियनचे होते, आणि ती बटालियन १९५२ मध्ये पॅराशूट रेजिमेंटमध्ये गेली. तिचा पुढचा इतिहास मराठा लाइट इन्फंट्रीच्या कागदांत शोधत बसणाऱ्याच्या हाती काही लागणार नाही. म्हणून वहीच्या पहिल्याच पानावर वर्ष आणि त्या वर्षीचे नाव असा तक्ता करून ठेवावा आणि कोणताही कागद त्या काळातल्या नावानेच मागावा.

यानंतर भरतीकडे वळावे. भरतीच्या नोंदी कोण आत आले हे सांगतात. अभ्यासकाने कोणाला बाहेर ठेवले हेही त्यातून वाचले पाहिजे. १८५७ च्या उठावानंतर गोऱ्या आणि देशी सैनिकांचे प्रमाण ठरवून देण्यात आले आणि तोफखाना जवळजवळ पूर्णपणे गोऱ्यांच्या हाती ठेवला गेला. पुढे लॉर्ड रॉबर्ट्स सरसेनापती असताना ‘लढवय्या जाती’ची कल्पना धोरण होऊन बसली. तिचा फटका ज्यांना बसला त्यांत महार होते. मुंबई इलाख्याच्या सैन्यात पिढ्यान्‌पिढ्या चाकरी केलेल्या या समाजाची भरती १८९० च्या दशकाच्या आरंभी बंद झाली. निवृत्त सैनिक गोपाळबाबा वलंगकर यांनी त्याविरुद्ध निवेदन तयार केले. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे वडील रामजी सकपाळ सैन्यात सुभेदार होते आणि बाबासाहेबांचा जन्म १८९१ मध्ये महूच्या छावणीत झाला, हे लक्षात घेतले की ज्या वाटेने एका पिढीला पगार, शाळा आणि हुद्दा मिळाला ती वाट पुढच्या पिढीसाठी बंद होण्याचा अर्थ कळतो. पहिल्या महायुद्धात माणसे कमी पडू लागली तेव्हा १९१७ मध्ये १११ महार ही पलटण उभारली गेली आणि युद्धानंतर मोडली गेली. महार रेजिमेंट उभी राहायला १९४१ उजाडावे लागले. पन्नास वर्षांच्या या कथेत लढाई क्वचितच येते. तरीही ती सेनेच्याच इतिहासाची कथा आहे.

आता युद्धाची कागदपत्रे. मोहिमेवर असलेल्या प्रत्येक बटालियनला ‘वॉर डायरी’ ठेवावी लागत असे. पहिल्या महायुद्धातील तिच्या छापील पानावर ठिकाण, तारीख, वेळ, घडामोडींचा सारांश आणि जोडपत्रांचे संदर्भ असे रकाने असतात. ती बहुधा अ‍ॅडज्युटंट (बटालियनप्रमुखाचा कार्यालयीन कामकाज पाहणारा मदतनीस अधिकारी) लिहीत असे, तीही सवड मिळेल तेव्हा. त्यामुळे लढाईच्या ऐन दिवशी दोनच ओळी आणि विश्रांतीच्या दिवशी अर्धे पान, असा प्रकार सर्रास आढळतो. मेलेल्या वा जखमी झालेल्या ब्रिटिश अधिकाऱ्याचे नाव तिथे असते, शिपायांचा मात्र बहुतेकदा फक्त आकडा असतो. हा पक्षपात ध्यानात ठेवूनच डायरी वाचावी. इतिहास केवळ तिच्या आधारे लिहिला तर तो आपोआप अधिकाऱ्यांचा इतिहास होतो. पहिल्या महायुद्धाच्या या डायऱ्या प्रामुख्याने लंडनजवळच्या क्यू येथील राष्ट्रीय अभिलेखागारात आहेत, लष्करी खात्याचा मोठा पत्रव्यवहार ब्रिटिश लायब्ररीतील इंडिया ऑफिसच्या दप्तरात आहे, आणि दिल्लीतील राष्ट्रीय अभिलेखागारात सरकारी खात्यांच्या फायली मिळतात.

युद्धाचे कारण शांततेत कसे शोधायचे याचा सर्वांत चांगला धडा पहिल्या महायुद्धातील मेसोपोटेमियाच्या (आजच्या इराकच्या) मोहिमेत आहे. नोव्हेंबर १९१४ मध्ये सहावी पुणे डिव्हिजन फाओ येथे उतरली आणि त्याच महिन्यात बसरा हाती आला. वर्षभराने तीच डिव्हिजन टायग्रिस नदीच्या काठाने बगदादच्या रोखाने गेली, टेसिफॉनला अडली आणि मागे फिरून कुत-अल-अमारा येथे वेढ्यात सापडली. हा वेढा ७ डिसेंबर १९१५ पासून २९ एप्रिल १९१६ पर्यंत चालला आणि शेवटी सुमारे १३,००० जण शरण गेले. त्यांत १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी होत्या. अन्न संपत आल्यावर घोड्याचे मांस देण्यात आले. धर्माच्या धाकाने अनेक हिंदी सैनिकांनी ते बराच काळ नाकारले आणि त्यांच्यात स्कर्व्ही या निकृष्ट आहारातून होणाऱ्या रोगाने घर केले. एवढा वृत्तान्त युद्धाच्या कागदांतून मिळतो. परंतु टेसिफॉनचे जखमी उघड्या बोटींवर, पट्ट्या न बदलता, स्वतःच्याच घाणीत पडून दिवसेंदिवस प्रवास करत बसऱ्याला का पोहोचले, याचे उत्तर १९१७ च्या मेसोपोटेमिया चौकशी आयोगाच्या अहवालात आहे. उथळ पाण्यात चालणाऱ्या बोटी पुरेशा नव्हत्या, इस्पितळांची सामग्री अपुरी होती, आणि यामागे युद्धापूर्वीच्या वर्षांत हिंदुस्थान सरकारने लष्करी खर्चात केलेली काटकसर होती. या अहवालानंतर ब्रिटिश मंत्रिमंडळातील भारतमंत्री ऑस्टिन चेंबरलेन यांना राजीनामा द्यावा लागला. तुमच्या पलटणीची डायरी एका हाती आणि त्याआधीच्या पाच-दहा वर्षांचे अंदाजपत्रक व सरावाचे अहवाल दुसऱ्या हाती, अशीच वाचनाची रीत ठेवा.

शिपायाचे नाव शोधायचे तर घरची साधने अधिक उपयोगी पडतात. पेटीत जपलेले जुने पदक असेल तर त्याची कड भिंगाखाली पाहावी. पहिल्या महायुद्धातील ब्रिटिश वॉर मेडलच्या कडेवर सैनिकाचा क्रमांक, हुद्दा, नाव आणि पलटण कोरलेली असते. पदक घासून चकचकीत केले असेल तर अक्षरे झिजतात, म्हणून पॉलिश अजिबात करू नये. पुष्कळ गावांत ‘या गावातून इतके पुरुष महायुद्धास गेले, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले’ अशा आशयाची संगमरवरी पाटी आहे. तिच्यावर दोन आकडे असतात, नावे नसतात. ती नावे कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशन या युद्धमृतांच्या कबरी व स्मारके सांभाळणाऱ्या संस्थेच्या नोंदींत शोधावी लागतात. तिथे कित्येकदा बापाचे नाव, गाव आणि जिल्हाही सापडतो. मात्र इंग्रजी कानाने ऐकून लिहिलेले मराठी नाव पाच प्रकारे लिहिलेले असू शकते, तेव्हा सगळे प्रकार घालून पाहावे. सैनिकांची पत्रे मिळाली तर ती वाचताना ती अनेकदा लेखनिकाकडून लिहून घेतलेली असत आणि सेन्सॉरच्या नजरेखालून जात, हे विसरू नये. फ्रान्समधून लिहिणारे काही सैनिक हिंदी आणि गोऱ्या शिपायांचा उल्लेख काळी मिरी आणि लाल मिरची असा करत. सेन्सॉरलाही ते कळत होतेच, म्हणून तर ते त्याच्या अहवालात नोंदले गेले.

स्वातंत्र्यानंतरच्या काळात अडचण वेगळी आहे. १९६२ च्या पराभवाची चौकशी करणारा लेफ्टनंट जनरल हेंडरसन ब्रुक्स आणि ब्रिगेडियर भगत यांचा अहवाल सरकारने अद्याप खुला केलेला नाही. त्याचा काही भाग २०१४ मध्ये एका परदेशी पत्रकाराने प्रसिद्ध केला. १९६५ आणि १९७१ चे संरक्षण मंत्रालयाच्या इतिहास विभागाने तयार केलेले वृत्तान्त अनेक वर्षे अप्रकाशित राहिले. कारगिल समितीचा अहवाल मात्र काही भाग वगळून २००० मध्येच संसदेसमोर आला. जून २०२१ मध्ये संरक्षण मंत्रालयाने युद्धांच्या व मोहिमांच्या नोंदी इतिहास विभागाकडे सोपवण्याचे आणि सर्वसाधारणपणे २५ वर्षांनी खुल्या करण्याचे धोरण जाहीर केले. प्रत्येक फाइल त्यामुळे लगेच हाती येईल असे समजू नये. अहवाल बंद असला तरी शांततेच्या वर्षांचा माग उघड्या साधनांतून काढता येतो. १९५९ मध्ये नेफाच्या (आजच्या अरुणाचल प्रदेशाच्या) डोंगरांत पाठवलेली चौथी डिव्हिजन त्याआधी अंबाल्याला होती, सपाट मुलखातील लढाईसाठी तयार झालेली होती आणि तिचे जवान तिथे सैनिकांसाठी घरे बांधण्याच्या कामाला जुंपले गेले होते. १९६२ च्या प्रकरणाचे पहिले पान मी तरी अंबाल्यापासून लिहीन.

आकड्यांबाबत हात आखडता ठेवावा. १९७१ मध्ये ढाक्यात ‘९३,००० सैनिक’ शरण आले असे जिथे-तिथे छापले जाते; प्रत्यक्षात या आकड्यात निमलष्करी दलांचे लोक, पोलीस आणि नागरिकही धरलेले आहेत. तो वापरायचा तर ‘युद्धबंदी व नागरी बंदी मिळून सुमारे’ असे लिहावे. १९६५ मधील निकामी रणगाड्यांचे दोन्ही बाजूंचे आकडे जुळत नाहीत. दोन्ही द्यावे आणि कोणाचा कोणता ते सांगावे.

शांततेचे काम म्हणजे केवळ कवायत नव्हे. १९५० मध्ये कोरियाला गेलेली ६० पॅराशूट फील्ड अ‍ॅम्ब्युलन्स आणि १९५३-५४ मध्ये मेजर जनरल शंकरराव थोरात यांच्या हाताखाली तिथल्या युद्धबंद्यांचा ताबा सांभाळणारी भारतीय तुकडी यांनी एकही लढाई जिंकली नाही, पण त्यांच्याविना त्या दशकातील सेनेचे चित्र अपुरे राहते. प्रादेशिक सेनेच्या (टेरिटोरियल आर्मीच्या) १९८२ मध्ये उभारलेल्या पर्यावरण बटालियनने चुनखडीच्या खाणींनी उघडेबोडके केलेल्या मसुरीच्या डोंगरांवर झाडे लावली. ३० सप्टेंबर १९९३ च्या किल्लारी भूकंपानंतर ढिगारे उपसायला सेना गेली. या कामांच्या नोंदी जिल्हाधिकारी कार्यालयांत आणि त्या वेळच्या वर्तमानपत्रांत मिळतात, लष्करी दप्तरात अनेकदा नाहीत. ईशान्येत आणि काश्मीरमध्ये दशकानुदशके चाललेली तैनाती युद्धात बसत नाही आणि शांततेतही बसत नाही. तिला स्वतंत्र प्रकरण द्यावे आणि तिथल्या लोकांचे म्हणणेही सैनिकांच्या म्हणण्याइतक्याच काळजीने नोंदवावे.

निवृत्त जवानांशी बोलायला जाताना आधी त्यांच्या बटालियनचा तारखांचा तक्ता जवळ असू द्यावा. थेट लढाईविषयी विचारले तर सुभेदारसाहेब हजार वेळा सांगून गुळगुळीत झालेली कहाणी सांगतात. ‘पीस स्टेशनला (शांततेच्या काळातील छावणीत) सकाळची पीटी किती वाजता असायची, नवीन रायफल हातात कधी आली, पहिल्यांदा बर्फावर गेलात तेव्हा बूट कोणते होते, घरचे पत्र किती दिवसांनी यायचे’ असे विचारले की बोलणे खुलते आणि ओघात लढाईही येते, तीही अधिक खरी. बुटांविषयीचे उत्तर रसदीच्या कागदांशी ताडून पाहता येते, शौर्याविषयीचे येत नाही. सांगितलेला हुद्दा त्या वेळचा की निवृत्तीच्या वेळचा हे विचारून घ्यावे. चालू तैनाती, ठाण्यांची ठिकाणे किंवा खुणा केलेले नकाशे कोणी दाखवू लागले तर ते टिपून घेऊ नयेत. १९२३ चा शासकीय गुपिते कायदा सांगणाऱ्यालाही लागू होतो आणि लिहिणाऱ्यालाही. मुलाखत लिहून झाली की ती त्यांना वाचून दाखवावी, त्यांनी सुचवलेली दुरुस्ती मूळ वाक्य न खोडता शेजारी लिहावी आणि पूर्ण झालेल्या हस्तलिखिताची एक प्रत त्यांच्या रेजिमेंटच्या केंद्राकडे तपासणीसाठी पाठवावी.