‘नोंद घेतली’ म्हणजे नकार: एखाद्या देशातले मानवी हक्क कसे तपासावेत

आंतरराष्ट्रीय पान लावताना मी एकदा मथळा दिला होता, ‘फाशीबंदीच्या शिफारशीची सरकारकडून दखल’. दुसऱ्या दिवशी एका वाचकाचं तीन ओळींचं पत्र आलं. जिनिव्हात, संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क परिषदेत, ‘नोटेड’ (नोंद घेतली) म्हणजे नकार असतो, एवढंच त्याचं म्हणणं होतं, आणि ते बरोबर होतं. अर्जाची नोंद घेतली गेली की पुढे काय होतं हे मराठी माणसाला तरी कळायला हवं होतं! तेव्हापासून कुठल्याही देशाबद्दल लिहायच्या आधी मी ठरावीक क्रमाने कागद बघते. तो क्रम इथे देतेय.

क्रमवारीपासून सुरुवात करू नका. ‘अमुक देश इतक्या क्रमांकावर’ हे छापायला सोपं असतं, पण त्यात काय मोजलंय ते दिसत नाही. फ्रीडम हाउस ही अमेरिकी संस्था देशांना देते ते १०० गुण घ्या: ४० राजकीय हक्कांचे, ६० नागरी स्वातंत्र्यांचे. अन्न, घर, औषधोपचार यांचे गुण त्यात नाहीत. आकडा चुकीचा नसतो, अपुरा असतो. तो शेवटी बघायचा.

आधी करारांचा तक्ता उघडा. संयुक्त राष्ट्रांच्या करारसंग्रहात चौथं प्रकरण मानवी हक्कांचं आहे. प्रत्येक करारासमोर देशांची यादी असते आणि तारखांचे दोन रकाने: स्वाक्षरी आणि अनुसमर्थन. स्वाक्षरी म्हणजे साखरपुडा, अनुसमर्थन म्हणजे लग्न. नागरी आणि राजकीय हक्कांच्या १९६६ च्या करारावर चीनने १९९८ मध्ये सही केली, पुढचा रकाना आजही रिकामा आहे. आर्थिक आणि सामाजिक हक्कांच्या जुळ्या करारावर अमेरिकेची सही १९७७ ची, तिथेही पुढे काही नाही. बातमीत मात्र दोन्ही ‘करारात सहभागी देश’ होऊन जातात.

मग त्याच पानावर खाली उतरा. बहुतेक लोक तक्त्यापाशीच थांबतात आणि खरा मजकूर तर खाली असतो. तिथे देशांनी घातलेल्या अटी असतात, ज्यांना रिझर्वेशन म्हणतात. (त्याचं भाषांतर ‘आरक्षण’ करू नका. मी ते छापून आलेलंही पाहिलंय.) अमेरिकेने १९९२ मध्ये नागरी हक्कांचा करार स्वीकारताना, १८ वर्षांखालच्यांनी केलेल्या गुन्ह्यांसाठीही मृत्युदंड देण्याची मुभा स्वतःकडे ठेवली. करारात तर नेमकी त्यालाच मनाई आहे. अनेक युरोपीय देशांनी हरकत घेतली, तीही त्याच पानावर वाचायला मिळते. ती शिक्षा थांबली २००५ मध्ये, त्यांच्याच सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने. सौदी अरेबियाने २००० मध्ये महिलांविषयीचा करार स्वीकारला, पण इस्लामी कायद्याशी विसंगत असेल तिथे तो बंधनकारक नाही, अशी अट घालून. सरकारला नेमकं कुठे अडचण आहे हे या अटींमध्ये सरकारच लिहून देतं. त्याहून भरवशाचा साक्षीदार मला अजून मिळालेला नाही.

आता मानवी हक्क परिषदेतला आढावा, म्हणजे जिथे मी आपटले ती जागा. २००८ पासून संयुक्त राष्ट्रांच्या १९३ सदस्य देशांपैकी प्रत्येकाची पाळी साधारण साडेचार ते पाच वर्षांनी येते. त्या देशाविषयी तीन दस्तऐवज ठेवले जातात: सरकारचा अहवाल, संयुक्त राष्ट्रांच्या यंत्रणांचं संकलन आणि नागरी संस्थांच्या म्हणण्याचा सारांश. मी तिसरा आधी वाचते, मग पहिला. उलट क्रमाने वाचलं तर सरकारी भाषेची गुंगी चढते.

पुढे साडेतीन तासांच्या बैठकीत इतर देश शिफारशी करतात. सरकार त्यांना ‘पाठिंबा’ देतं किंवा त्यांची ‘नोंद’ घेतं. नकार असा शब्दच तिथे नाही. त्यामुळे निम्म्याहून जास्त शिफारशी मान्य झाल्या म्हणून हुरळून जाऊ नका, क्रियापदं बघा. मित्रदेश म्हणतात, ‘प्रयत्न चालू ठेवा’. सावध देश म्हणतात, ‘विचार करा’. ‘अमुक कलम रद्द करा’ म्हणणारे थोडे असतात, आणि ‘नोंद’ त्यांच्याच वाट्याला येते. मी यादी छापून घेते आणि ‘चालू ठेवा’वाल्या ओळी पेन्सिलीने खोडते. उरतं त्यातून बातमी निघते.

देशाचा स्वतःचा मानवी हक्क आयोग असेल तर त्याची श्रेणी बघा. स्वायत्ततेच्या पॅरिस तत्त्वांवर ती ठरते. ‘अ’ म्हणजे पूर्ण पात्र, ‘ब’ म्हणजे अर्धवट. दोन मिनिटांचं काम आहे.

जास्त वेळ द्या तो गप्प देशांना. तक्रारी कमी म्हणजे हक्क शाबूत, असं गणित नवख्या माणसाच्या डोक्यात आपोआप बसतं, माझ्याही बसलं होतं. पण तक्रार करायला वकील लागतो, पत्ता लागतो आणि घरी परत येण्याची खात्री लागते. अॅम्नेस्टी या मानवी हक्क संस्थेचा फाशीचा वार्षिक आकडा बघा. त्यात चीन धरलेला नसतो, कारण तिथे तो आकडा सरकारी गुपित आहे. संस्थेने २००९ पासून चीनचा अंदाज छापणंही बंद केलं. ती तळटीप गाळून ‘जगात इतक्या फाशी’ लिहिलंत, तर सगळ्यात मोठा आकडाच गाळलात.

उत्तर कोरिया नागरी हक्कांच्या करारात १९८१ पासून आहे. १९९७ मध्ये त्याने बाहेर पडायचा प्रयत्न केला, तेव्हा करारात बाहेर पडायची तरतूदच नाही असं उत्तर मिळालं. म्हणजे तक्त्यात रकाना भरलेला. पुढे संयुक्त राष्ट्रांनी नेमलेल्या, मायकेल कर्बी यांच्या चौकशी आयोगाला देशात पाऊल टाकू दिलं नाही. आयोगाने सोल, टोकियो, लंडन आणि वॉशिंग्टन इथे जाहीर सुनावण्या घेतल्या, ८० हून अधिक साक्षीदार ऐकले आणि आणखी २४० हून अधिक मुलाखती गुप्तपणे घेतल्या. २०१४ च्या अहवालाचा निष्कर्ष होता, मानवतेविरुद्धचे गुन्हे. बंद देशाबद्दल वाचताना म्हणूनच मी विचारते: हे सांगणारा माणूस कुठे बसून सांगतोय, आणि त्याला आत का जाता आलं नाही? ‘प्रवेश नाकारला’ हा शब्द अहवालाच्या पहिल्या पानांतच सापडतो. तो मजकुरात घ्या, तळटीपेत ढकलू नका.

शेवटचं काम तारखांचं. टिपणाच्या माथ्यावर तपासल्याचा दिवस लिहा, कारण देश बाहेरही पडतात. बेलारूसने २०२२ मध्ये नागरी हक्कांच्या कराराला जोडलेल्या, वैयक्तिक तक्रारींच्या प्रोटोकॉलमधून (जोडकरारातून) अंग काढून घेतलं, आणि ते २०२३ च्या फेब्रुवारीत लागू झालं. रशिया १६ सप्टेंबर २०२२ पासून युरोपीय मानवी हक्क करारात नाही, पण त्या तारखेपर्यंतच्या घटनांवर स्ट्रासबर्गचं युरोपीय मानवी हक्क न्यायालय अजूनही निकाल देऊ शकतं. तेव्हा निकालाची बातमी आली की आधी घटना कधीची ते बघा, मगच मथळा.